नेमार माहीत, भेके कोण?

आमच्या पोहरादेवीतल्या पोट्ट्यांना नेमार विचारा, सगळं सांगतील. राहुल भेके विचारलं की गप्प! अरे, आपल्या मुंबईचा पोरगा तो.

आशियातल्या क्लबांची सगळ्यात मोठी स्पर्धा १९६७ ला सुरू झाली; २००२ पासून २०२४ पर्यंत तिचं नाव एएफसी चॅम्पियन्स लीग होतं. ११ एप्रिल २०२२ ला रियाधमध्ये मुंबई सिटीने इराकच्या एअर फोर्स क्लबला २-१ हरवलं. विजयी गोल भेकेचा. चॅम्पियन्स लीगच्या गट फेरीत भारतीय क्लबाचा हा पहिला विजय.

अन् २०२३ ला? सहाच्या सहा सामने हरले. अल हिलालकडून तर ०-६.

माझं मत स्पष्ट आहे. एखादा विजय क्लब मिळवून देतो, पण दरवर्षी जिंकायला गावोगावी खेळणारी पोरं लागतात. गावात नंगारा संग्रहालय झालं, अभिमान आहेच. आता मत मागायला येणाऱ्यांना एवढंच विचारा, पोट्ट्यांसाठी मैदान अन् गोलपोस्ट कधी?