मुद्देमालाची जन्मठेप

पोलीस ठाण्याच्या आवारातले एक दृश्य आपल्या इतके अंगवळणी पडले आहे, की तिकडे आता आपले लक्षही जात नाही. एकमेकींवर रेललेल्या मोटारसायकली, टायर बसलेल्या रिक्षा, हौद्यात गवत उगवलेला एखादा टेम्पो. सोलापूरचे ऊन माणसाला सोसवत नाही, तिथे रबराची आणि रंगाची काय कथा! दोन-तीन उन्हाळे गेले की चालती गाडी भंगार होते. विचारले तर उत्तर ठरलेले, "मुद्देमाल आहे, केस चालू आहे."

माझे म्हणणे सरळ आहे. गाडी अशी सडत ठेवा असे कायदा सांगत नाही. उलट तशी ठेवू नका असेच सांगतो, आणि तेही आजकाल नव्हे, २००२ सालापासून!

१ ऑक्टोबर २००२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने 'सुंदरभाई अंबालाल देसाई विरुद्ध गुजरात राज्य' या प्रकरणात निर्णय दिला. त्यातली गंमत बघा, आरोपी पोलीसच होते! ठाण्यातला मुद्देमाल बदलल्याचा, पैशांचा अपहार केल्याचा आरोप त्यांच्यावर होता. त्या निमित्ताने न्यायालयाने स्पष्ट सांगितले, की जप्त वाहने ठाण्यात दीर्घकाळ ठेवण्यात काहीच अर्थ नाही. सविस्तर पंचनामा करा, फोटो काढा, बंधपत्र आणि हमी घ्या आणि गाडी परत द्या. न्यायला कोणीच आले नाही तर लिलाव करा.

तेव्हा फौजदारी प्रक्रिया संहितेचे कलम ४५१ होते. १ जुलै २०२४ पासून तिच्या जागी भारतीय नागरिक सुरक्षा संहिता आली. तिच्या कलम ४९७ ने तर दिवसच मोजून दिले आहेत. वस्तू कोर्टापुढे हजर केल्यापासून १४ दिवसांत तिच्या वर्णनाची नोंद, सोबत फोटो, लागले तर चित्रीकरण. त्यानंतर ३० दिवसांत वस्तूचे काय करायचे याचा आदेश. हे फोटो खटल्यात पुरावा म्हणून चालतील, हेही कलमातच लिहिले आहे. मग "पुरावा जाईल" ही सबब उरते कुठे?

ती उरते आपल्या अज्ञानाच्या आधारावर. मालकाने वकील गाठायचा, आरसी बुक, विमा, ओळखपत्र जोडून अर्ज द्यायचा. कोर्ट पोलिसांचा 'से' मागवते. तो आला नाही की पुढची तारीख. मग सुपूर्दनामा, बंधपत्र, जामीनदार. शेवटी आदेश हातात घेऊन पुन्हा ठाणे. या सगळ्या काळात भाडे बंद, फायनान्सचा हप्ता मात्र चालू!

माझा एक जुना विद्यार्थी चादरी-टॉवेलांचे गठ्ठे वाहणारा टेम्पो चालवतो. एका अपघाताच्या केसमध्ये टेम्पो जप्त झाला. कागदपत्रे सगळी चोख. पण कोर्टात अर्ज करायचा असतो, हे त्याला दोन महिने कोणी सांगितले नाही. तो रोज ठाण्यात जाऊन हात जोडून उभा राहायचा आणि "बघू" हे उत्तर घेऊन परत यायचा. चोरीच्या गाड्यांची तऱ्हा तर आणखी न्यारी. गाडी चोरीला गेली तो एक मनस्ताप आणि सापडली की दुसरा. चोर जामिनावर सुटून घरी जातो, गाडी मात्र आतच. चोर सोडून संन्याशाला फाशी म्हणतात ती हीच!

काही जण म्हणतील, "गुरुजी, गाड्या अशा सोडल्या तर भीमा आणि सीना नदीत वाळूचा कण उरेल का?" मी वाळूचोरांचा कैवारी नाही. पण तिथला कायदाही पाहा. महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम ४८ नुसार दंड भरून आणि बंधपत्र देऊन वाहन सोडवता येते. म्हणजे ज्याच्या खिशात पैसा, त्याची गाडी सुटणार. गंजत राहणार ती ज्याच्याकडे पैसा नाही त्याची. गाडी गुन्ह्यातलीच ठरली तर कोर्टाने ती रीतसर सरकारजमा करावी, विकावी, पैसा तिजोरीत भरावा. गंजण्याने कोणाला जरब बसली?

कधी गाडी अडवणे न्याय्यही असते. २०१८ साली 'उषादेवी विरुद्ध पवनकुमार' या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, की विमा नसलेल्या गाडीने अपघात केला तर भरपाईची पुरेशी हमी दिल्याशिवाय ती सोडू नये. योग्यच आहे. जखमीने दाद कोणाकडे मागायची? पण तिथेही हमी आली नाही तर तीन महिन्यांनंतर गाडीचा लिलाव आणि पैसे न्यायाधिकरणात जमा, असा मार्ग आहे. सडत ठेवणे तिथेही नाही. जानेवारी २०२५ मध्ये तर आसामातल्या एका प्रकरणात, हेरॉईन सापडलेला ट्रकही खटला संपेपर्यंत मालकाच्या ताब्यात द्यायला त्याच न्यायालयाने परवानगी दिली. अमली पदार्थांच्या गुन्ह्यात ट्रक सुटू शकतो आणि आमच्या भाजीवाल्याची लुना सुटत नाही?

मागण्या फार मोठ्या नाहीत. गाडी जप्त करतानाच मालकाच्या हाती साध्या मराठीतला एक कागद द्या. अर्ज कुठे, कोणत्या कलमाखाली आणि सोबत काय, एवढेच त्यावर असू द्या. पोलिसांनी आपला 'से' ठरलेल्या मुदतीत द्यावा. ठाण्याबाहेर फलकावर जप्त गाड्यांचे क्रमांक आणि जप्तीच्या तारखा लावाव्यात. वकील परवडत नसेल त्याला जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचा पत्ता सांगावा.

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात. इथे ती म्हण उलटी करून घ्या, मंडळी. गाडी अडकली असेल तर ठाण्यात हात जोडत बसू नका, ती पायरी लगेच चढा. तुमची गाडी मागणे म्हणजे भीक मागणे नव्हे. खटला आरोपीवर असतो, टेम्पोवर नाही.