खेळाडू प्रथम माणूस आहे

२० ऑगस्ट २०१६ रोजी रिओ द जानिरो येथे रशियाच्या मार्गारिता मामून हिने ऱ्हिदमिक जिम्नॅस्टिक्सचे ऑलिंपिक सुवर्णपदक जिंकले. हूप, चेंडू, क्लब आणि रिबन या चार साधनांवरील रचनांना मिळून तिला ७६.४८३ गुण मिळाले. २०१३ ते २०१५ अशी सलग तीन वर्षे सर्वांगीण जगज्जेतेपद मिळविणारी तिची सहकारी याना कुद्र्यावत्सेवा ७५.६०८ गुणांवर राहिली. क्लबच्या रचनेच्या अखेरीस यानाच्या हातून एक क्लब निसटला आणि जागतिक स्पर्धांत दोनदा तिच्या मागे राहिलेली मार्गारिता पहिली आली. मार्गारिताचे वडील मूळचे बांगलादेशातील राजशाहीचे, व्यवसायाने सागरी अभियंता. त्यामुळे पद्मेच्या काठीही या विजयाचे कौतुक झाले.

पदकाच्या छायाचित्रात या विजयामागचे श्रम दिसत नाहीत. ते पाहावयाचे असतील तर पोलिश दिग्दर्शिका मार्ता प्रुस यांनी २०१७ साली पूर्ण केलेला मार्गारिताच्या ऑलिंपिकपूर्व तयारीवरील माहितीपट पाहावा. त्यात मुख्य प्रशिक्षक इरिना विनेर या मुलीला तासन्‌तास घालूनपाडून बोलताना दिसतात. वडिलांना कर्करोगाने ग्रासले आहे हे ठाऊक असूनही तिला मोकळीक नाही. ती माणूस नसून खेळाडू आहे, असेच तिला बजावले जाते. सुवर्णपदकानंतर अवघ्या काही दिवसांत तिचे वडील वारले. वयाच्या सातव्या वर्षी सराव सुरू केलेल्या मार्गारिताने नोव्हेंबर २०१७ मध्ये, बावीस वर्षे पूर्ण होताच, निवृत्ती जाहीर केली. याना तर त्याच वर्षीच्या जानेवारीत, एकोणिसाव्या वर्षीच, निवृत्त झाली होती. ज्या वयात इतरांचे कामाचे आयुष्य सुरू होते, त्या वयात या मुलींचे संपलेले असते.

या पद्धतीचे समर्थक निकालांकडे बोट दाखवितात. २००० पासून २०१६ पर्यंत पाचही ऑलिंपिकमध्ये वैयक्तिक सुवर्णपदक रशियाकडेच गेले, हे खरे आहे. परंतु ते अपमानामुळे मिळाले, असे त्यावरून सिद्ध होत नाही. शहरोशहरी उभ्या राहिलेल्या बाल-युवक क्रीडाशाळा, बॅलेची दीर्घ परंपरा आणि पिढ्यान्‌पिढ्या साठत आलेले प्रशिक्षणाचे ज्ञान ही सोव्हिएत काळात सार्वजनिक खर्चातून उभी राहिलेली संपदा होती. यशाचा पाया तेथे आहे. शिस्तीवाचून ही कला साध्य होत नाही, हे कोणीही मान्य करील; पण शिस्त आणि मानहानी या दोन भिन्न गोष्टी आहेत.

त्या संपदेचा आपण गौरव करतो, म्हणून तिच्या उणिवांवर पांघरूण घालणे योग्य होणार नाही. १९७८ ची जगज्जेती येलेना मुखिना हिचा मोडलेला पाय पुरता बरा झाला नसतानाही तिला सरावास लावण्यात आले, आणि जुलै १९८० मध्ये, मॉस्को ऑलिंपिकच्या तोंडावर, मिन्स्क येथे एका जीवघेण्या उडीत तिची मान मोडली. ती कायमची पंगू झाली. दुसरीकडे, क्रीडा हाही बाजार मानणाऱ्या अमेरिकेत जिम्नॅस्टिक्स संघाच्या डॉक्टरला शेकडो मुलींवरील अत्याचारांच्या प्रकरणात २०१८ साली प्रदीर्घ कारावासाची शिक्षा झाली. तेथेही पदकांच्या हव्यासापायी तक्रारी वर्षानुवर्षे दडपल्या गेल्या होत्या. व्यवस्था भिन्न असल्या तरी दोन्हीकडे एक गोष्ट समान होती : मुलीच्या शरीराविषयी निर्णय घेणारे लोक त्या मुलीला जबाबदार नव्हते.

प्रश्नाचे मर्म येथेच आहे. रिओच्या वेळी रशियन राष्ट्रीय संघाचे प्रशिक्षण आणि फेडरेशनचे अध्यक्षपद ही दोन्ही सूत्रे विनेर यांच्याच हाती होती. अशा स्थितीत एखाद्या मुलीने दाद मागावी ती कोणाकडे? कारखान्यात मुकादम, मालक आणि न्यायाधीश एकच असेल तर कामगाराचे काय होते, हे आपल्या वाचकांना सांगावयास नको. आपल्या देशातही २०२३ साली कुस्तीगीर महिलांना फेडरेशनच्या अध्यक्षाविरुद्ध लैंगिक छळाची तक्रार घेऊन जंतरमंतरवर बसावे लागले, ते याच कारणाने.

म्हणून क्रीडा संघटनांपुढे ठोस मागण्या ठेवल्या पाहिजेत. तक्रार निवारण मंडळ फेडरेशनच्या बाहेर असावे. खेळाडू खेळण्यास योग्य आहे की नाही, हे प्रशिक्षकाच्या अधिकाराखाली नसलेल्या डॉक्टरने ठरवावे. सरावाच्या तासांना वयानुसार मर्यादा असावी. शिक्षण खंडित होऊ नये, आणि निवृत्तीनंतरच्या उपजीविकेची तरतूद आधीच व्हावी. या मागण्यांत दयेची याचना नाही. श्रम करणाऱ्या प्रत्येकाचा जो हक्क आहे, तोच येथे मागितला जात आहे. मार्गारिता मामूनचे पदक तिच्या श्रमाचे आहे. ते मिळविताना तिला माणूस म्हणून वागविणे कोणालाही अशक्य नव्हते.