कोर्टात केस जिंकली, पण सरकार ऐकेना. मग पुढे काय?

समजा, आर्वी तालुक्यातल्या एका शेतकऱ्याची जमीन निम्न वर्धा प्रकल्पात गेली. मोबदल्याचा अर्ज कार्यालयात पडून राहिला, म्हणून तो मुंबई हायकोर्टाच्या नागपूर खंडपीठात गेला. वर्धा जिल्हा याच खंडपीठाकडे येतो. कोर्टाने सांगितलं, तीन महिन्यांत अर्जावर निर्णय घ्या. चौथा महिना उजाडला तरी फाईल जागची हलली नाही.

अशा वेळी अवमान याचिका दाखल होते. सोशल मीडियावर 'कोर्टाचा अवमान' म्हटलं की न्यायाधीशांवर केलेली टीकाच आठवते. पण आदेश जाणूनबुजून न पाळणं हाही अवमानच, त्याला दिवाणी अवमान म्हणतात. १९७१ च्या कायद्यानुसार शिक्षा सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, २,००० रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही. दंडाची रक्कम आजही तेवढीच आहे!

तुरुंगात खरंच कुणी जातं का?

क्वचित. पण महाराष्ट्रातच मोठं उदाहरण आहे. विनापरवाना आरागिरण्या बंद करा, असा आदेश सुप्रीम कोर्टाने ४ मार्च १९९७ ला दिला होता. तरीही वनखात्याने काही कारखान्यांना परवानगी दिली. १० मे २००६ ला कोर्टाने तेव्हाचे वनमंत्री सुरूपसिंह नाईक आणि प्रधान सचिव अशोक खोत यांना एक महिन्याची कैद सुनावली. माफीही स्वीकारली नाही. निकालावेळी परिवहन खातं सांभाळणाऱ्या नाईकांना मंत्रिपद सोडावं लागलं.

एरवी नोटीस निघाली की हलेना झालेली फाईल अचानक धावते, आणि प्रकरण तिथेच मिटतं.

खरी मेख आदेशाच्या शब्दांत असते. 'निर्णय घ्या' असं कोर्टाने म्हटलं आणि अधिकाऱ्याने अर्ज फेटाळला, तर आदेश पाळला गेला असंच धरतात. 'जे. एस. परिहार' प्रकरणात सुप्रीम कोर्टाने १९९६ मध्ये हे स्पष्ट केलं: नवा निर्णय चुकीचा वाटला तर त्याला वेगळं आव्हान द्यायचं, अवमान याचिकेत ते तपासलं जात नाही. म्हणजे शेतकऱ्याची नागपूरची वारी पुन्हा पहिल्यापासून.

'इतके रुपये द्या' असा दिवाणी कोर्टाचा हुकूमनामा हाती असेल, तर मात्र दरखास्त दाखल करता येते. कलेक्टर ऑफिसच्या खुर्च्या जप्त करायला बेलीफ पोहोचल्याच्या बातम्या येतात, त्या यातूनच.

मुदतीतही मोठा फरक आहे. दरखास्तीला १२ वर्षं मिळतात, अवमान याचिकेला आदेश मोडल्यापासून फक्त एक वर्ष. शिवाय 'आदेश आमच्यापर्यंत पोहोचलाच नाही' ही सरकारी कार्यालयांची जुनी सबब. त्यामुळे आदेशाची प्रमाणित प्रत कार्यालयात देऊन तारखेसह पोच घेतलेली असेल, तर तो कागद सुनावणीत फार कामाला येतो.