मेंदूचा आलेख मन वाचत नाही

परीक्षेचे दिवस जवळ आले की वर्तमानपत्राच्या घडीत साडीच्या सेलबरोबर आणखी एक रंगीत पत्रक येऊ लागते. 'मुलांच्या मेंदूतील अल्फा लहरी जागृत करा, स्मरणशक्ती वाढवा, डोळे बांधून वाचायला शिका.' अशी पत्रके मी साताऱ्यातही पाहिली आहेत आणि सांगलीतही. पालक ती हातात घेऊन दवाखान्यात येतात आणि विचारतात, "डॉक्टरसाहेब, पोराला घालू का हो या क्लासला?" माझे उत्तर 'घालू नका' असेच असते. पण नुसते 'नको' म्हणून भागत नाही, कारण अल्फा लहरी ही थाप नव्हे, त्या खरोखरच असतात. खऱ्याच्या पाठीवर खोटे बसवले की ते बाजारात लवकर खपते. म्हणून आधी खरे काय ते पाहू.

आपल्या मेंदूतील पेशी एकमेकींशी सूक्ष्म विजेच्या साहाय्याने बोलतात. एका पेशीची वीज कवटीबाहेर कळत नाही. हजारो-लाखो पेशी एका तालात काम करू लागल्या, की मात्र ती बाहेर कळते. शाळेच्या मैदानावर एकट्या मुलाच्या लेझमीचा आवाज वेशीपर्यंत जात नाही, पण सगळी शाळा एका ठेक्यावर लेझीम खेळू लागली की गावभर ऐकू जातो, तसेच हे आहे. डोक्याला तारा लावून ही वीज कागदावर किंवा पडद्यावर उतरवणे म्हणजे ई.ई.जी., मेंदूचा विद्युत आलेख. ही वीज किती? टॉर्चच्या सेलच्या साधारण तीस हजाराव्या हिश्श्याइतकी!

माणसाचा असा पहिला आलेख जर्मनीतील येना गावचे मनोविकारतज्ज्ञ हान्स बर्गर यांनी १९२४ साली काढला आणि १९२९ साली प्रसिद्ध केला. एकाच्या मनातले दुसऱ्याला कसे कळत असेल, या कुतूहलातून ते या कामाकडे वळले होते. त्यांना सापडल्या त्या लहरी. मनातले विचार काही सापडले नाहीत. डोळे मिटून स्वस्थ बसलेल्या माणसाच्या डोक्याच्या मागच्या भागावर सेकंदाला ८ ते १३ लहरी दिसतात. त्यांना अल्फा हे नाव बर्गर यांनीच दिले. डोळे उघडले किंवा मनात हिशेब सुरू केला की त्या बऱ्याच कमी होतात. त्यांच्याहून वेगवान त्या बीटा, मंद त्या थीटा आणि गाढ झोपेतल्या सर्वांत संथ त्या डेल्टा.

आता ते पत्रक पुन्हा वाचा. अल्फा लहरी जागृत करण्यासाठी फी कशाला भरायची? डोळे मिटून दोन मिनिटे निवांत बसले की प्राध्यापकाच्या डोक्यात त्या दिसतात आणि मेंढपाळाच्याही. अभ्यासात मन गुंतले की त्या उलट कमी होतात. म्हणजे विसाव्याची लहर अभ्यासाची लहर म्हणून विकली जाते. 'मिडब्रेन' जागा करण्याची भाषा तर याहून पोकळ आहे. मध्य मेंदू हा मेंदूच्या देठातला लहानसा भाग. डोळ्यांच्या हालचाली आणि जागेपण सांभाळण्यात त्याचा वाटा असतो. तो झोपलेला असता तर तुमचे मूल तुमच्यापुढे उभेच राहिले नसते. डोळे बांधून वाचणारी मुले नाकाजवळच्या फटीतून खाली पाहत असतात, हे मंगळूरचे नरेंद्र नायक यांनी जाहीरपणे दाखवून दिले आहे. फट नीट बंद करा, की चमत्कारही बंद होतो. डॉ. नरेंद्र दाभोलकर मिरजेच्या मेडिकल कॉलेजात शिकले आणि साताऱ्यात त्यांनी वैद्यकी केली. दावा कोणताही असो, आधी त्याची परीक्षा घ्या, हेच ते आयुष्यभर सांगत राहिले. त्यांच्या या दोन जिल्ह्यांत तरी पालकांनी पैसे मोजण्याआधी परीक्षा मागावी. शाळांनी अशा वर्गांना आपला हॉल देऊ नये. शाळेत भरले म्हणजे खरेच असणार, असे पालक धरून चालतात.

लहरींवरून मन वाचण्याचा हा मोह फक्त क्लासवाल्यांना पडतो असे नाही. २००८ साली पुण्याच्या सत्र न्यायालयाने एका खून खटल्यात शिक्षा देताना इतर पुराव्यांबरोबर मेंदूच्या विद्युत चाचणीचा अहवालही ग्राह्य धरला. आरोपीच्या डोक्याला तारा लावायच्या, गुन्ह्याविषयीची वाक्ये ऐकवायची आणि संगणकाने सांगायचे की हा अनुभव हिच्या मेंदूत आहे! जगभरच्या मेंदूशास्त्रज्ञांनी यावर भुवया उंचावल्या. बंगळूरच्या निम्हान्स संस्थेच्या संचालकांच्या अध्यक्षतेखालील समितीनेही त्याच वर्षी ही पद्धत शास्त्रीय कसोटीला उतरत नाही असे मत दिले. पुढे ५ मे २०१० रोजी सर्वोच्च न्यायालयाने अशा चाचण्या कोणावरही सक्तीने करता येणार नाहीत, असा निर्णय दिला. मला तो निर्णय वैद्यकाच्या दृष्टीनेही योग्य वाटतो. वेशीवर उभे राहून लेझीम संथ चालली आहे की जोरात, हे सांगता येते. पण तिसऱ्या रांगेतल्या पोराच्या मनात काय चालले आहे, हे कसे सांगणार?

मग हा आलेख निरुपयोगी का? मुळीच नाही! त्याचे खरे मोल पाहायचे असेल तर वर्गातल्या त्या मुलीकडे पाहा, जी लिहिता लिहिता मध्येच थांबते, दहा-पंधरा सेकंद शून्यात पाहते आणि काही झालेच नाही अशी पुन्हा लिहू लागते. दिवसातून कित्येकदा. गुरुजी म्हणतात लक्ष नाही, आई म्हणते आळशी आहे. प्रत्यक्षात तो अपस्माराचा एक प्रकार असू शकतो. त्या काही सेकंदांत साऱ्या मेंदूत सेकंदाला ३ या ठेक्याने टोकदार लहरी उसळतात आणि तेवढा वेळ तिची जाणीव बंद पडते. तालाचा आणि आकलनाचा संबंध इतका थेट आहे. मोठे श्वास घ्यायला लावून ई.ई.जी. काढला की हा ठेका बहुधा पकडता येतो आणि औषधाने बहुतेक मुले चांगली सुधारतात. अशा मुलीला छडी किंवा क्लास यांपैकी काहीच उपयोगाचे नाही. तिला तपासणी हवी.

मोठ्या झटक्याच्या बाबतीत तर आपल्याकडे अजून 'बाहेरचे झाले' म्हणून देवऋषी गाठणारी घरे आहेत. झटका आला की कांदा नाहीतर चप्पल हुंगवतात, दातांत चमचा घालतात. यातले काहीही करू नका. रुग्णाला कुशीवर वळवा, तोंडात काही घालू नका, हातपाय दाबून धरू नका. झटका पाच मिनिटांपेक्षा जास्त चालला तर थेट दवाखाना गाठा. भूत उतरवण्याच्या नावाखाली मारहाण करणे हा २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्याने गुन्हा आहे, हेही ध्यानात असू द्या.

आलेखाबाबत एक गोष्ट मात्र घराघरांत कळायला हवी. रिपोर्ट 'नॉर्मल' आला म्हणून फिट नाही असे होत नाही. आलेख काढला त्या अर्ध्या तासात मेंदू शांत असू शकतो. अपस्मार असलेल्यांपैकी सुमारे निम्म्यांच्याच पहिल्या आलेखात दोष दिसतो. उलट, कधीही झटका न आलेल्या काहींच्या आलेखातही थोडा दोष आढळतो. म्हणून निदान होते ते मुख्यतः झटका पाहणाऱ्याने सांगितलेल्या हकिगतीवरून. जमल्यास मोबाइलवर त्याचे चित्रण करून डॉक्टरांना दाखवा. आणि पट्टी नॉर्मल निघाली म्हणून मनाने गोळ्या बंद करू नका. गोळ्या एकाएकी सुटल्या तर झटक्यांवर झटके येऊन जिवावर बेतू शकते.

लग्नाच्या बाजारात हीच पट्टी लपवली जाते, हे मी जाणतो. अपस्मार ही विवाह रद्द करण्याची सबब हिंदू विवाह कायद्यातून १९९९ साली काढून टाकली गेली. कायदा बदलून इतकी वर्षे झाली, आपली मने कधी बदलणार? लपवालपवीत मुलीच्या गोळ्या सासरी बंद होतात आणि नको तेच ओढवते. दोन्ही घरांनी आधीच उघड बोलावे, हेच शहाणपणाचे.

आता राहिली स्मरणशक्ती. त्यासाठी फुकटचा उपाय आहे. गाढ झोपेत मेंदूत संथ लाटा उठतात, त्यांच्या जोडीला झोपेतच सेकंदाला १२-१५ च्या वेगाच्या लहरींचे छोटे झुबके येतात आणि दिवसभर शिकलेले याच वेळात पक्के होण्यास मदत होते. म्हणजे रात्रभर जागून केलेले पाठांतर पक्के व्हायला वेळच मिळत नाही. ६ ते १२ वर्षांच्या मुलाला रोज ९ ते १२ तास आणि १३ ते १८ वर्षांच्या मुलाला ८ ते १० तास झोप हवी. दहावीचे मूलही याला अपवाद नाही. फिटचा त्रास असणाऱ्यांनी तर जागरण कटाक्षाने टाळावे, कारण जागरणाने झटका ओढवतो.

तेव्हा या परीक्षेला क्लासची फी वाचवा, रात्री दहाला घरातला टीव्ही आणि मोबाइल बंद करा आणि पोरांना झोपू द्या. मेंदूच्या लहरी त्यांचे काम बिनबोभाट करतील.