राक्षसाचे आजोळ

वाचकहो, फराळाचे ताट पुढे ओढून तुम्ही हा अंक उघडला असेल. अशा वेळी राक्षसाचे नाव काढणे काहींना रुचणार नाही. पण नरकासुराची आठवण काढल्यावाचून आपले अभ्यंगस्नान पुरे होत नाही. तेव्हा माझ्या राक्षसालाही शेजारच्या पाटावर जागा द्या. त्याचे नाव बोरिस कार्लोफ.

नावावरून तो रशियन वाटतो, आणि तसे वाटावे अशीच योजना होती. खरे नाव विल्यम हेन्री प्रॅट. जन्म लंडनच्या कँबरवेल भागात, २३ नोव्हेंबर १८८७ रोजी. वडील हिंदुस्थानात मीठ खात्यात नोकरीला होते. आईबाप लवकर गेले आणि धाकट्या विल्यमला थोरल्या भावंडांनी वाढवले. त्यानेही परराष्ट्र खात्याची खुर्ची धरावी अशी घरची इच्छा होती. त्याला नाटकाचे वेड लागले. १९०९ साली त्याने कॅनडा गाठला, मिळेल ती अंगमेहनत केली, फिरत्या नाटक कंपनीत शिरला आणि तेथे नवे नाव घेतले. कायद्याच्या कागदांवर मात्र तो शेवटपर्यंत प्रॅटच राहिला.

मूकपटांच्या काळात हॉलिवूडने त्याच्या सावळ्या वर्णाचा आपल्या परीने उपयोग करून घेतला. आज अरब, उद्या पठाण. किपलिंगच्या कथेवरून १९२१ साली निघालेल्या एका चित्रपटात तो अहमद खान झाला. पोट भरेना, म्हणून मधूनमधून मालमोटार हाकली. असे सुमारे ऐंशी चित्रपट केल्यावर, वयाच्या चव्वेचाळिसाव्या वर्षी, १९३१ साली 'फ्रँकेन्स्टाइन' आला. रंगभूषाकार जॅक पिअर्स रोज तासन् तास त्याच्या चेहऱ्यावर राबे. आरंभीच्या श्रेयनामावलीत राक्षसाच्या नावापुढे नुसते प्रश्नचिन्ह होते!

(येथे मास्तरकी केल्याशिवाय राहवत नाही. फ्रँकेन्स्टाइन हे त्या शास्त्रज्ञाचे नाव. मेरी शेलीने १८१८ च्या कादंबरीत त्याच्या निर्मितीला नावच दिलेले नाही. माझे विद्यार्थी दरवर्षी बिचाऱ्याला निर्मात्याचे नाव बहाल करतात. बारशाला जमलेल्यांचा उत्साह समजून मी फारसे गुण कापत नाही.)

या चित्रपटातील एका प्रसंगापाशी मी नेहमी थांबतो. तळ्याकाठी एक चिमुरडी राक्षसाला न घाबरता त्याचा हात धरते. दोघे मिळून पाण्यात फुले सोडतात, फुले तरंगतात, राक्षस हरखून हसतो. हातातली फुले संपतात. मग तो पोरीलाच उचलून पाण्यात टाकतो. त्याच्या बालबुद्धीला वाटते, फुले तरंगली तशी हीही तरंगेल. ती बुडते आणि तो भेदरून पळत सुटतो. सेन्सॉरच्या कात्रीला हे सोसवले नाही. तिने नेमका टाकण्याचा भाग कापला आणि प्रसंग संपवला तो राक्षसाचे हात मुलीकडे जातात तेथे. पुढच्या दृश्यात बाप मुलीचे प्रेत घेऊन गावातून चालत येतो. मधल्या काळात काय घडले असेल याची कल्पना प्रेक्षकांनी आपापल्या मनाच्या मगदुराप्रमाणे केली, आणि ती मूळ दृश्यापेक्षा कितीतरी ओंगळ होती. कापलेला तुकडा परत जोडला गेला तो १९८० नंतरच्या दशकात. म्हणजे पन्नासेक वर्षे या राक्षसाच्या माथी जो गुन्हा होता, तो कात्रीने केलेला! मुलांना हे मोठ्यांच्या आधी उमगले होते. राक्षसाची कीव करणारी त्यांची पत्रे आपल्याला येत असत, असे कार्लोफ सांगे.

पुढच्याच वर्षी तो 'ममी' झाला आणि डॉक्टर फू मांचूही. गोऱ्या जगाचा नाश करायला निघालेला हा चिनी दुष्ट आज बघवत नाही. त्यातला विखार विनोद म्हणूनही पचत नाही. गंमत अशी की कार्लोफचे सख्खे थोरले बंधू सर जॉन प्रॅट ब्रिटिश परराष्ट्र खात्यात चीनचे जाणकार म्हणून नावाजलेले! १९३३ साली एका चित्रीकरणासाठी धाकटे चिरंजीव मायदेशी परतले, तेव्हा भाऊ काय म्हणतील या विचाराने त्यांचा जीव थाऱ्यावर नव्हता. प्रत्यक्षात ते सभ्य सरकारी गृहस्थ छायाचित्रात कोणी कोठे उभे राहायचे यावरून हुज्जत घालू लागले.

आता शीर्षकाकडे येतो. कार्लोफच्या आईची आई एलायझा, आणि एलायझाची धाकटी बहीण ॲना लिओनोवेन्स. म्हणजे आपल्या राक्षसाची मावसआजी. सयामच्या राजाच्या मुलांना शिकवणारी, 'द किंग अँड आय' या १९५६ च्या बोलपटातली ती ॲना. आपला जन्म वेल्समधला, असे ती जन्मभर सांगत आली. वास्तविक ती जन्मली १८३१ साली अहमदनगरात, म्हणजे आजच्या अहिल्यानगरात. बाप कंपनी सरकारच्या पलटणीतला सार्जंट, आई अँग्लो-इंडियन. लग्नही लागले पुण्यात. बहिणीच्या घराशी तिने संबंध तोडला. हे सारे उजेडात आणले ते १९७० नंतर ब्रिस्टो नावाच्या इंग्रजाने. हे गृहस्थ मुळात कोळ्यांचे अभ्यासक, जाळी विणणाऱ्या कोळ्यांचे!

मावसआजीने खोटे जन्मगाव सांगितले, नातवाने रशियन नाव घेतले. कोणी याला फसवणूक म्हणेल. मी म्हणणार नाही. रक्तात हिंदी अंश आहे असे कळताच दिवाणखान्याचे दार बंद होई, असा तो काळ होता. माझे मन अडते ते दुसऱ्याच गोष्टीपाशी. ज्याने आपला सावळेपणा कोठून आला हे उघड सांगायचे टाळले, त्यालाच पडद्यावर हरघडी परका, विचित्र, दगडांनी हाकलायचा प्राणी व्हावे लागले. त्या राक्षसाच्या डोळ्यांतली वेदना नुसत्या अभिनयाची होती काय?

पडद्याबाहेर हा दुष्ट क्रिकेट खेळे, बागकाम करी आणि १९३३ साली नटांची संघटना उभारणाऱ्यांत पुढे होता. १९६८ सालच्या 'टार्गेट्स'मध्ये तो जवळजवळ स्वतःच झाला: थकलेला, निवृत्तीची भाषा करणारा भयपटांचा नट. वर्तमानपत्रे आपल्या चित्रपटांहून भयंकर झाली आहेत, ही त्याची तक्रार. शेवटी पडद्यामागून माणसांवर गोळ्या झाडणाऱ्या एका तरुणाकडे हा म्हातारा काठी टेकत सरळ चालत जातो. तरुणाला समोरही तोच दिसतो, पडद्यावरही तोच. तो गोंधळतो. म्हातारा काठीने त्याच्या हातातले पिस्तूल उडवतो आणि फाडकन त्याच्या मुस्कटात लगावतो.

२ फेब्रुवारी १९६९ रोजी इंग्लंडमध्ये त्याचे निधन झाले.