‘साबर बोंडं’ आणि लग्नाची सक्ती

“समलिंगी संबंध हे शहरातल्या श्रीमंतांचं खूळ. आपल्या चळवळीचा त्याच्याशी काय संबंध?” अभ्यासवर्गात हा प्रश्न कुणी ना कुणी विचारतोच. त्यांनी रोहन परशुराम कानवडे यांचा ‘साबर बोंडं’ हा मराठी चित्रपट बघावा.

जानेवारी २०२५ मध्ये अमेरिकेतल्या सनडान्स महोत्सवात या चित्रपटाला जागतिक कथाचित्रपट विभागाचं सर्वोच्च ज्युरी पारितोषिक मिळालं. दिग्दर्शक मुंबईतल्या एका खोलीच्या घरात वाढलेला, ड्रायव्हरचा मुलगा. वडील वारल्यावर गावी गेला, तेव्हा नातेवाईकांनी लग्नासाठी पिच्छा पुरवला. त्या अनुभवातून ही कथा आली. कॉल सेंटरमध्ये काम करणारा आनंद वडिलांच्या दहा दिवसांच्या सुतकासाठी गावी येतो. तिथे बालपणीचा मित्र बाळ्या भेटतो. घरात दुःख आहे, तरी पै-पाहुण्यांचा प्रश्न एकच : लग्न कधी? आनंदच्या आईला सारं ठाऊक आहे आणि ती मुलाच्या बाजूने उभी आहे. यात श्रीमंत कोण आहे?

आता बाबासाहेबांकडे येऊ. १९१६ साली कोलंबिया विद्यापीठात वाचलेल्या निबंधात त्यांनी सिद्ध केलं की जात टिकते ती जातीतल्या जातीत लग्न लावून. सती, सक्तीचं वैधव्य, बालविवाह या प्रथा त्यासाठीच. म्हणजे कुणी कुणाशी लग्न करायचं, हे माणसाने नव्हे तर जातीने ठरवायचं. आंतरजातीय प्रेम करणाऱ्यांचे मुडदे पाडणारी आणि बाळ्याला बोहल्यावर उभं करू पाहणारी सत्ता एकच आहे. पहिलीविरुद्ध मोर्चा काढायचा आणि दुसरीच्या पंगतीत जेवायला बसायचं, हे कसं चालेल?

बाबासाहेबांनी या विषयाला नाक मुरडलं नव्हतं. ‘समाजस्वास्थ्य’ मासिकात वाचकांच्या लैंगिक प्रश्नांना उत्तरं दिली म्हणून र. धों. कर्व्यांवर अश्लीलतेचा खटला झाला. त्या प्रश्नांत समलिंगी संबंधांचाही प्रश्न होता. १९३४ साली कर्व्यांचं वकीलपत्र बाबासाहेबांनी घेतलं. खटला हरले, कर्व्यांना दोनशे रुपये दंड झाला, पण ते मागे हटले नाहीत.

४ नोव्हेंबर १९४८ रोजी संविधान सभेत त्यांनी खेड्याचं गोडवे गाणाऱ्यांना फटकारलं आणि त्याच भाषणात संवैधानिक नैतिकता जोपासावी लागते, असं बजावलं. ६ सप्टेंबर २०१८ रोजी सर्वोच्च न्यायालयाने प्रौढांच्या संमतीच्या समलिंगी संबंधांना कलम ३७७ मधून मुक्त केलं, ते याच नैतिकतेचा आधार घेऊन. लग्नाचा हक्क मात्र १७ ऑक्टोबर २०२३ च्या निकालात नाकारला गेला.

याचा अर्थ समलिंगी माणूस आपोआप जातमुक्त होतो, असा नाही. २०१५ मध्ये मुंबईत एका आईने मुलासाठी ‘वर पाहिजे’ जाहिरात दिली. त्या धाडसाचं कौतुकच. पण जातीची अट नाही म्हणताना अय्यर असल्यास प्राधान्य, हेही त्यात होतं! म्हणून तर या लढ्यात आंबेडकरी विचार हवा. आपण बाहेर राहिलो, तर तिथेही जातच पाहुणी म्हणून बसेल.

“आधी अत्याचार, आरक्षण, शिक्षणाचं खासगीकरण; हे नंतर,” असं काही जण म्हणतील. ते लढे थांबवा असं कोण म्हणतंय? पण आपल्या वस्तीतल्या ज्या मुलाला मारून-मुटकून नवरदेव केलं जातं, तो नंतरपर्यंत थांबू शकत नाही. आणि त्याच्याशी लग्न लावलेल्या मुलीचं काय? तिला कुणी विचारलं होतं?

सुरुवात घरापासून करता येईल. कट्ट्यावरची टिंगल थांबवा. वधू-वर मेळाव्यात नको म्हणणाऱ्या मुलामुलीच्या बाजूने आई-बापाशी बोला. विहारात हा चित्रपट लावा आणि चर्चा घडवा. समता, स्वातंत्र्य, बंधुता या शब्दांतून बाळ्याला वगळण्याचा अधिकार आपल्याला कुणीही दिलेला नाही.

जयभीम!