विणकाम खात्याचे दार



काळाचौकीच्या चाळीतील एखादी मुलगी गळ्यात कंपनीचे ओळखपत्र अडकवून सॉफ्टवेअरच्या नोकरीला जाऊ लागली, की घरोघर पेढे वाटले जातात. ते वाटलेच पाहिजेत. परंतु आमचा सवाल त्या पुढचा आहे. पाच वर्षांनी ती मुलगी कोठे असते? दहा वर्षांनी तिच्या सहीने काय ठरते? नोकरी लागली की आपण स्वस्थ होतो. बढतीविषयी घरात कोणी विचारीत नाही. हा गाफीलपणा आपल्याला फार महाग पडणार आहे.

आपण गिरणगावची माणसे आहोत. निदान आपल्याला तरी हे सांगावे लागू नये. गिरणीच्या फाटकावर अस्पृश्यांना कोणी अडविले नव्हते. अडविले ते विणकाम खात्याच्या दारात, कारण मजुरी तेथे अधिक होती. धोट्यात नवी बाबीन घातली की सुताचे टोक तोंडाने ओढून घ्यावे लागे आणि अस्पृश्याच्या तोंडचे सूत सवर्ण विणकराला चालत नसे. सबब आमच्या आजोबा-पणजोबांनी कमी मजुरीच्या खात्यांत जन्म काढावा! १९२८ च्या संपात बाबासाहेबांनी हा प्रश्न कामगार पुढाऱ्यांपुढे टाकला आणि हट्टाने मागण्यांत घालावयास लावला. त्यावर मालकांचे उत्तर काय होते? हा अन्याय असेल तर तो आम्ही केलेला नाही. मालक म्हणतो मी निर्दोष, कामगार म्हणतो हा माझा धर्म, आणि दार मात्र बंद ते बंदच.

आज कंपनीला विचारा. ती सांगेल, आमच्याकडे जात कोणी विचारीत नाही. अर्जावर विचारीत नाहीत, हे खरे आहे. आडनावावरून ती कळते, गावावरून कळते, १४ एप्रिलला रजा कोण मागतो यावरूनही कळते. जून २०२० मध्ये अमेरिकेतील कॅलिफोर्निया राज्याने सिस्को या कंपनीवर दावा लावला. एका दलित अभियंत्याला त्याच्या सवर्ण भारतीय वरिष्ठांनी जातीमुळे मागे ठेवले, असा तो आरोप होता. कंपनीने तो नाकारला. एप्रिल २०२३ मध्ये त्या दोन वरिष्ठांविरुद्धचा दावा राज्याने काढून घेतला. तेव्हा आरोप सिद्ध झाला असे आम्ही म्हणणार नाही. पण फेब्रुवारी २०२३ मध्ये सिअॅटल शहराने आपल्या कायद्यात जातीभेदाला बंदी घातली. ज्या देशात जात जन्मली नाही तेथील नगरसभेला जे दिसले, ते आमच्या येथील गुणवत्तेच्या पुरस्कर्त्यांना अजून दिसत नाही!

या धंद्याची शिडी कशी आहे ते नीट समजून घ्या. ज्युनियर अभियंत्याला काम तुकडे करून दिलेले असते. त्याच्या वरच्याला एक संपूर्ण भाग सोपवितात. सीनियरच्या हाती तर आकार नसलेला प्रश्न येतो. काय बांधावे, काय बांधू नये, हे त्याने ठरवावयाचे असते. इतरांचा कोड तपासणे, रात्री दोन वाजता यंत्रणा बंद पडली तर कारण शोधणे, नवख्याला तयार करणे, हे सारे त्याच्या अंगावर असते. म्हणजे ही पायरी वर्षे मोजून मिळत नाही. एकच वर्ष दहा वेळा काढणारा ज्युनियरच राहतो. आणि मोठे काम कोणाला द्यावयाचे, हे ठरविणाऱ्या बैठकीत तुम्ही हजर नसता. तेथे कोणीतरी तुमचे नाव घ्यावे लागते. ज्याचा मामा, वर्गबंधू वा गाववाला त्या खुर्चीवर आहे त्याचे नाव आपोआप निघते. आमच्या मुलाला मात्र वर्षानुवर्षे तपासणीचे आणि तक्रारी निस्तरण्याचे काम मिळते, आणि मग म्हणतात, याला रचनेचा अनुभव नाही! ही कामे हलकी आहेत असे नव्हे. त्यांतून बाहेर पडण्याची वाट कोणाला दिली जाते, एवढाच आमचा वाद आहे.

कायदा काय म्हणतो? सरकारी नोकरीतील बढतीच्या आरक्षणासाठी १९९५ साली सत्त्याहत्तराव्या घटनादुरुस्तीने कलम १६(४अ) आले. खासगी कंपनीला ते लागू नाही. पण कलम १७ सर्वांवर बंधनकारक आहे, आणि १९५५ च्या नागरी हक्क संरक्षण कायद्याच्या कलम ४ मध्ये कोणत्याही नोकरीचा समावेश आहे. त्याच कायद्याचे कलम १२ वाचा: गुन्हा ठरणारे कृत्य अनुसूचित जातीच्या व्यक्तीबाबत घडले असेल, तर ते अस्पृश्यतेच्या कारणावरून घडले असे न्यायालयाने गृहीत धरावयाचे, उलट सिद्ध करण्याचा भार दुसऱ्या बाजूवर. नुकतीच दीक्षा घेतलेली कुटुंबे आम्हास विचारतात, बौद्ध झाल्याने हे संरक्षण गेले काय? गेले नाही. १९९० च्या दुरुस्तीने अनुसूचित जातींतील बौद्धांना ते मिळालेले आहे. दाखला काढून ठेवा, त्यात लाज कसली? मात्र कृत्य घडले हे दाखविण्याचे काम तुमचेच आहे, आणि त्याला कागद लागतो. बढतीचे निकष लेखी मागा. केलेल्या कामाची तारीखवार नोंद ठेवा. वरिष्ठाने तोंडी नकार दिला तर त्याच संध्याकाळी ईमेल लिहून तो नकार नोंदवा.

आपल्यातील काहीजण म्हणतात, हे सारे कटकटीचे. आडनाव बदलावे आणि गप्प बसावे. त्यांना आम्ही उपाली दाखवितो. उपाली न्हावी. शाक्य राजपुत्र त्याच्यासोबत संघात आले तेव्हा त्यांनीच सांगितले, याला आधी दीक्षा द्या, म्हणजे आम्हांला याला वंदन करावे लागेल आणि आमचा अभिमान मोडेल. संघातील ज्येष्ठता दीक्षेपासून मोजली जाई, जन्मापासून नव्हे. पुढे राजगृहाच्या पहिल्या संगीतीत विनय, म्हणजे संघाचा कायदा, कोणी सांगितला? याच न्हाव्याने. त्याने आपले न्हावीपण लपविले नव्हते आणि विनयाचा अभ्यासही सोडला नव्हता.

आता जे आपल्यातूनच सीनियर झाले आहेत त्यांच्याशी दोन शब्द. १८ मार्च १९५६ रोजी आग्र्याला बाबासाहेबांनी शिकलेल्यांविषयी आपली व्यथा बोलून दाखविली, ती तुम्ही ऐकून आहात. नव्या मुंबईत सदनिका घेतलीत, आनंद आहे. पण विहारात केवळ वंदनेपुरते येऊ नका. रविवारी दोन तास बसा. ज्युनियर मुलांचा कोड वाचा, चुका दाखवा, रचनेचा कागद कसा लिहितात ते शिकवा, मुलाखतीचा सराव घ्या, इंग्रजीत आपले म्हणणे मांडावयास लावा. आणि सोमवारी ऑफिसात त्या बैठकीला जाल तेव्हा, ज्या मुलीचे काम तुम्ही स्वतः तपासले आहे, तिचे नाव घ्या.